कोविड गेला, झोप कुठं गेली?

(स्नेहमेळाव्याच्या दुसऱ्या दिवशी दुपारच्या सत्रात केलेलं भाषण. शब्दांकन करताना पुनरुक्ती गाळली आहे. शेवटी सभागृहातून आलेले काही प्रश्न आणि त्यांची उत्तरंही दिली आहेत.)



संयोजकांनी मला नेमकी जेवणानंतरची वेळ दिली आहे. पाटोडी-रस्सा आणि गोळाभात पोटात गेल्यावर झोपेवर भाषण म्हणजे विषयाचं प्रात्यक्षिकच. तेव्हा कुणाचा डोळा लागलाच तर मी राग मानणार नाही. फक्त घोरू नका. घोरण्यावरही मला दोन शब्द बोलायचे आहेत, आणि मग उदाहरण शोधायला लांब जावं लागणार नाही.

या मेळाव्याच्या नोंदणी-अर्जात एक प्रश्न होता: आरोग्याविषयी कोणत्या विषयावर ऐकायला आवडेल? आपण सगळे पन्नाशी ओलांडलेले, त्यामुळे मधुमेह, गुडघे, रक्तदाब ही उत्तरं येणारच होती. पण बऱ्याच अर्जांवर आणखी एक ओळ होती, थोड्याफार फरकानं तीच: ‘कोविड झाला तेव्हापासून झोप पहिल्यासारखी राहिली नाही.’ कुणी लिहिलं, रात्री तीनला जाग येते ती येतेच. कुणी लिहिलं, गोळी घेतल्याशिवाय पाठ टेकवत नाही. एका मैत्रिणीनं लिहिलं, ‘झोप लागते, पण झोपायची भीती वाटते.’ हे वाचल्यावर मधुमेह बाजूला ठेवला आणि हा विषय घेतला.

काल सकाळी आपण दोन मिनिटं स्तब्ध उभे राहिलो. त्या यादीतली काही नावं एप्रिल आणि मे २०२१ मधली होती. त्यांच्यासाठी आपल्या व्हॉट्सॲप ग्रुपवर बेड शोधणारी माणसं आज याच सभागृहात बसली आहेत. त्यांची झोप उडाली असेल तर त्यात नवल नाही. नवल असेल तर एवढंच, की इतक्या वर्षांत आपण हे एकमेकांना बोलून दाखवलं नाही.

त्या रात्री आठवून पाहा

नागपुरात पहिला रुग्ण ११ मार्च २०२० ला आढळला. २२ मार्चला जनता कर्फ्यू आणि २५ मार्चपासून देशभर टाळेबंदी. तेव्हाची झोप कशी होती? रोग अजून दारात आला नव्हता, तरी घड्याळ बिघडलं होतं. ऑफिस नाही, शाळा नाही, सकाळी फुटाळ्यावर किंवा अंबाझरीला फिरायला जाणं नाही. रात्री नऊला रामायण, मग बातम्या, मग मोबाइल. उठायची वेळ सरकत सरकत नऊवर गेली. दुपारी पुन्हा एक डुलकी. झोपेचे तास वाढले, पण अनेकांची झोप उथळ झाली.

याचं कारण सरळ आहे. आपल्या मेंदूत, दोन्ही डोळ्यांच्या नसा एकमेकींना ओलांडतात त्याच्या जरा वर, पेशींचा एक छोटासा पुंजका आहे. ते आपलं मुख्य घड्याळ. ते स्वतःहून चालतं, पण रोज थोडं मागेपुढे होतं, आणि सकाळचा उजेड त्याला रोज वेळेवर लावून देतो. शरीरातल्या या घड्याळाची पेशींमधली यंत्रणा उलगडून दाखवणाऱ्या हॉल, रॉसबॅश आणि यंग या तिघांना २०१७ साली वैद्यकशास्त्राचं नोबेल मिळालं. टाळेबंदीत आपण घरात कोंडलो, सकाळचा उजेड कमी झाला, रात्रीचा पडद्याचा उजेड वाढला. घड्याळाला किल्ली देणारंच कुणी राहिलं नाही.

दुसरी लाट वेगळी होती. नागपुरात १५ ते २१ मार्च २०२१ कडक टाळेबंदी लागली, आणि एप्रिलमध्ये जिल्ह्यात दिवसाला सात हजारांहून अधिक नवे रुग्ण सापडत होते. मेडिकल, मेयो, एम्स, धंतोली-रामदासपेठेतली रुग्णालयं, सगळं भरलेलं. २३ एप्रिलला विशाखापट्टणमहून ऑक्सिजनचे टँकर घेऊन रेल्वे नागपूरला आली. त्यातले तीन टँकर इथं उतरले आणि बाकीचे नाशिकला गेले. रेल्वेगाडीची इतकी वाट आपल्या शहरानं क्वचितच पाहिली असेल. त्या आठवड्यांत रात्रीची शांतता म्हणजे दोन ॲम्ब्युलन्समधलं अंतर होतं. फोन वाजला तर भीती, आणि नाही वाजला तरी भीती.

ज्यांना घरीच विलगीकरणात ठेवलं होतं त्यांच्या उशीजवळ ऑक्सिमीटर असे. दर दोन तासांनी गजर लावून बोट त्यात घालायचं. ९४ दिसलं की घाम फुटायचा. पालथं झोपायला सांगितलेलं, कारण पालथं झोपल्यानं फुप्फुसांच्या पाठीकडच्या भागात हवा नीट पोहोचते. पण आयुष्यभर कुशीवर झोपलेल्या माणसाला पालथं झोप येते थोडीच! जे आयसीयूत होते त्यांची गोष्ट आणखी अवघड. चोवीस तास दिवे, यंत्रांचे आवाज, चेहरे झाकलेले लोक, शेजारच्या खाटेवर काय घडतंय ते दिसतंय. तिथं दिवस आणि रात्र यांतला फरकच संपतो.

आजारात झोप का बिघडते?

साध्या तापात आपल्याला झोप जास्त येते. संसर्ग झाला की शरीर काही रसायनं सोडतं. ती थोड्या प्रमाणात असली तर झोप आणतात, आणि ते शहाणपणाचंच आहे, कारण विश्रांती मिळते. पण हीच रसायनं फार वाढली की झोपेचे तुकडे पडतात. कोविडमध्ये अनेकांचं नेमकं हे झालं. दिवसभर गुंगी आणि रात्री टक्क जागे.

त्यावर खोकला, धाप, अंगदुखी. आणि त्यावर औषधं. जून २०२० मध्ये ब्रिटनमधल्या ‘रिकव्हरी’ चाचणीनं दाखवलं, की ऑक्सिजन लागणाऱ्या रुग्णांचा जीव डेक्सामेथासोन या स्टेरॉइडनं वाचू शकतो. स्वस्त, जुनं, कुठल्याही औषधाच्या दुकानात मिळणारं औषध. त्यानं असंख्य जीव वाचले. पण स्टेरॉइड झोप उडवतं, मन अस्वस्थ करतं, साखर वाढवतं, आणि साखर वाढली की रात्री चार वेळा लघवीला उठावं लागतं. त्या दिवसांत ‘मला वेड लागेल की काय’ असं म्हणणारे रुग्ण मी पाहिले. त्यांतल्या अनेकांना स्टेरॉइडचा डोस कमी झाल्यावर चार-आठ दिवसांत बरं वाटलं. म्हणून पुढं कधी कुठल्याही कारणानं स्टेरॉइड घ्यायची वेळ आली, तर डॉक्टरांना जरूर विचारा: ‘हे सकाळी घेतलं तर चालेल का?’ बहुतेक वेळा चालतं.

२०२१ साली तेरा देशांतल्या ४४ अभ्यासांचा एकत्रित आढावा प्रसिद्ध झाला. त्यात कोविडच्या रुग्णांपैकी सुमारे ७५ टक्क्यांना झोपेच्या तक्रारी होत्या, आरोग्य कर्मचाऱ्यांपैकी ३६ टक्क्यांना आणि रोग न झालेल्या सर्वसाधारण लोकांपैकी ३२ टक्क्यांना. या शेवटच्या आकड्याकडे लक्ष द्या. विषाणू अंगात न शिरताही तीनांतल्या एकाची झोप त्यानं नेली होती.

आणि नंतर?

‘रिपोर्ट निगेटिव्ह आला, आता सगळं ठीक’ असं आपण समजलो. अनेकांचं झालंही ठीक. काहींचं नाही झालं. चीनमधल्या वुहानच्या एका रुग्णालयातून बरे होऊन घरी गेलेल्या १,७३३ रुग्णांना सहा महिन्यांनी तपासलं, तेव्हा २६ टक्क्यांना झोपेचा त्रास होता. त्यांच्यातल्याच अनेकांना दोन वर्षांनी पुन्हा विचारलं, तर ३१ टक्के झोपेची तक्रार करत होते. त्याच वयाच्या, कोविड न झालेल्या लोकांत हे प्रमाण १४ टक्के होतं. म्हणजे दोन गोष्टी खऱ्या: कोविडनंतर झोप बिघडणं ही कल्पना नाही, आणि प्रत्येक बिघडलेली झोप कोविडमुळे नाही. दुसरं वाक्य पहिल्याइतकंच महत्त्वाचं आहे. त्यावर परत येतो.

जागतिक आरोग्य संघटनेनं ऑक्टोबर २०२१ मध्ये या दीर्घकालीन आजाराची व्याख्या केली. संसर्गानंतर साधारण तीन महिन्यांनी दिसणारी, किमान दोन महिने टिकणारी आणि दुसऱ्या कुठल्या निदानानं उलगडा न होणारी लक्षणं. थकवा, धाप, विस्मरण आणि त्यांच्या जोडीला झोप.

साथीनंतर झोप बिघडण्याची ही पहिली वेळ नाही. शंभर वर्षांपूर्वी, १९१८ च्या इन्फ्लुएन्झात आपला मध्य प्रांत आणि वऱ्हाड हिंदुस्थानातल्या सर्वाधिक होरपळलेल्या भागांपैकी होता. आपल्या पणजोबांच्या पिढीतली कितीतरी घरं त्यात अर्धी झाली. त्याच सुमारास युरोपात मेंदूला सूज आणणारा एक विचित्र आजार पसरला. व्हिएन्नाच्या कॉन्स्टंटीन फॉन एकोनोमो या डॉक्टरनं १९१७ साली त्याचं वर्णन केलं. काही रुग्ण आठवडेच्या आठवडे झोपून राहत, काहींना झोप मुळीच येत नसे. मृत्यूनंतर मेंदू तपासताना त्याच्या लक्षात आलं, की न झोपणाऱ्यांच्या मेंदूत तळाकडचा पुढचा भाग खराब झाला होता आणि सतत झोपणाऱ्यांच्यात त्याच्या मागचा. झोपेची जागा मेंदूत असते हे माणसाला असं कळलं. त्या आजाराचा आणि फ्लूचा थेट संबंध सिद्ध झालेला नाही. पण संसर्ग मेंदूपर्यंत पोहोचून झोपेला हात घालू शकतो, हे वैद्यकशास्त्राला तेव्हापासून माहीत आहे.

तीन पायांचं स्टूल

आता मुद्द्याचं. आजार जाऊन वर्षं झाली तरी झोप का परतत नाही? अमेरिकेतल्या आर्थर स्पीलमन या मानसशास्त्रज्ञानं निद्रानाशाची मांडणी तीन पायांवर केली. मला ती फार उपयोगी वाटते.

पहिला पाय, मूळचा स्वभाव. काही माणसं जन्मतःच हलक्या झोपेची, काळजी करणारी. परीक्षेच्या आदल्या रात्री जे जागे असायचे ते आपल्याला माहीत आहेत. दुसरा पाय, निमित्त. कोविड झाला, नोकरी गेली, घरातलं माणूस गेलं. तिसरा पाय, सवयी. झोप येत नाही म्हणून आपण जे जे उपाय करतो, तेच नंतर निद्रानाश टिकवून धरतात. झोप येईना म्हणून नऊलाच अंथरुणात जायचं. रात्र वाया गेली म्हणून सकाळी उशिरापर्यंत लोळायचं. दुपारी दोन तास भरपाई करायची. संध्याकाळी थकवा येतो म्हणून सहाला कडक चहा. जाग आली की घड्याळ बघायचं, मग मोबाइल बघायचा, मग उद्याचा हिशेब करायचा: आता झोप लागली तरी चारच तास!

निमित्त कधीच निघून गेलेलं असतं. तिसरा पाय मात्र रोज रात्री आपणच मजबूत करत असतो.

माझ्याकडे येणाऱ्या एका गृहस्थांचं उदाहरण देतो. ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत. २०२१ मध्ये बारा दिवस ऑक्सिजनवर होते. घरी आल्यावर रात्री ऑक्सिमीटर लावायची सवय लागली. तीन वर्षांनी माझ्याकडे आले तेव्हाही ते यंत्र उशीखाली होतं. रात्रीतून पाच वेळा उठून बघत. आकडा ९७ चा ९५ झाला की बायकोला उठवत. झोपेत श्वास जरा संथ होतो आणि हा आकडा एक-दोनांनी खाली येऊ शकतो, हे त्यांना कुणी सांगितलंच नव्हतं. फुप्फुसं तपासली, ठीक होती. घोरण्याचा त्रास नव्हता. मग ठरवलं, यंत्र स्वयंपाकघरातल्या डब्यात ठेवायचं, आणि दिवसा एकदाच बघायचं. पहिला आठवडा कठीण गेला. दुसऱ्या महिन्यात त्यांच्या पत्नी म्हणाल्या, ‘डॉक्टर, यांच्यापेक्षा मला जास्त बरं वाटतंय. मी झोपते आता.’

गोळीबद्दल

या सभागृहात रोज झोपेची गोळी घेणारे किती आहेत, हात वर करायला सांगत नाही. २०२१ मध्ये दिलेली अल्प्राझोलाम किंवा क्लोनाझेपाम अनेकांच्या घरी अजून चालू आहे. चिठ्ठी दहा दिवसांची होती, गोळी कितीतरी वर्षांची झाली. संकटकाळात काही दिवस गोळी घेण्यात काही गैर नाही, मी स्वतः लिहून दिली आहे. पण वर्षानुवर्षं घेतल्यावर तिचा परिणाम कमी होतो, सवय लागते, स्मरणशक्ती मंदावते, आणि आपल्या वयात रात्री बाथरूमला जाताना पडून खुब्याचं हाड मोडण्याचा धोका वाढतो. तीच गोळी आणि दारू एकत्र घेतली तर श्वास मंदावू शकतो.

तरीही आज घरी जाऊन गोळी एकदम फेकू नका. ही माझी कळकळीची विनंती आहे. अचानक बंद केल्यानं झोप पूर्ण उडते, हात थरथरतात, क्वचित झटकेही येतात. डॉक्टरांच्या देखरेखीखाली, आठवड्यां-महिन्यांच्या हिशेबानं, पाव पाव करत ती उतरवावी लागते. आणि उतरते. सत्तरीतल्या माणसांची उतरलेली मी पाहिली आहे.

मग करायचं काय?

अमेरिकन कॉलेज ऑफ फिजिशियन्स या डॉक्टरांच्या संस्थेनं २०१६ साली सांगितलं, की जुनाट निद्रानाशावर पहिला उपचार गोळी नव्हे, तर सवयी आणि विचार बदलण्याची पद्धत. तिला सीबीटी-आय म्हणतात. तिचा गाभा साधा आहे, करायला मात्र नेट लागतो.

एक: उठायची वेळ ठरवा. झोपायची वेळ आपल्या हातात नसते, उठायची असते. रात्र कशीही गेली तरी सहा म्हणजे सहा. रविवारीसुद्धा. आपले पीटीचे सर आठवा आणि उठा.

दोन: उठल्यावर तासाभरात उजेडात जा. नागपुरात उजेडाची काही टंचाई नाही. उन्हाळ्यात सहा-साडेसहालाच बाहेर पडा, थंडीत जरा उशिरा. गच्चीवर चहा घेतला तरी चालेल.

तीन: अंथरूण फक्त झोपेसाठी. टीव्ही, मोबाइल, हिशेबाची वही तिथं नको. आणि वीसेक मिनिटं झोप आली नाही असं वाटलं तर उठून दुसऱ्या खोलीत जा. मंद दिव्यात काहीतरी कंटाळवाणं वाचा. आपलं दहावीचं नागरिकशास्त्र कुणी जपून ठेवलं असेल तर उत्तम. डोळे जड झाले की परत या. घड्याळ भिंतीवरून काढून ठेवा.

चार: अंथरुणातले तास कमी करा. हे ऐकायला उलटं वाटतं, पण सर्वांत परिणामकारक हेच. समजा तुम्ही रात्री नऊ ते सकाळी सहा असे नऊ तास अंथरुणात असता, आणि प्रत्यक्ष झोप साडेपाच तासच लागते. बाकीचे साडेतीन तास तुम्ही अंथरुणात तळमळण्याचा सराव करत असता. तर काही आठवडे बाराला झोपा आणि सहाला उठा. पहिले काही दिवस दिवसा पेंग येईल. मग झोप सलग होऊ लागते. अंथरुणातल्या वेळेपैकी ८५ टक्के वेळ झोप लागू लागली की दर आठवड्याला पंधरा मिनिटं वाढवा. मात्र फिट्स येणारे, तीव्र मनोविकाराचे उपचार घेणारे आणि वाहन किंवा यंत्र चालवण्याचं काम करणारे यांनी हे डॉक्टरांना विचारल्याशिवाय करू नये.

पाच: चहा-कॉफी दुपारनंतर नको. कॅफिनचा निम्मा अंश शरीरातून जायला पाच-सहा तास लागतात. म्हणजे सहाच्या चहातला निम्मा अंश रात्री अकरा-बारालाही तुमच्यासोबत जागाच असतो.

सहा: खोली थंड ठेवा. झोप लागताना शरीराचं तापमान उतरावं लागतं. मे महिन्यात नागपुरात हे म्हणजे वाघाच्या तोंडात हात घालणं, मान्य. पण संध्याकाळी गच्चीवर पाणी मारणं, वाळ्याच्या ताट्यांचा कूलर आणि झोपण्यापूर्वी कोमट पाण्यानं अंघोळ, हे तिन्ही आपल्या आयांना पुस्तक न वाचता माहीत होतं.

आणखी एक सावधगिरी. काहींना कोविडनंतर असा थकवा राहतो, की थोडं जास्त चाललं तर दुसऱ्या दिवशी उठवत नाही. त्यांना ‘व्यायाम करा म्हणजे झोप येईल’ हा सल्ला उपयोगाचा नाही, उलट त्रास वाढवतो. त्यांनी ताकद जपून, तुकड्या-तुकड्यांनी खर्च करावी.

डॉक्टरकडे कधी जायचं?

मघाशी म्हटलं, सगळंच कोविडमुळे नसतं. मोठ्यानं घोरणं, मधेच श्वास अडकणं, सकाळी डोकं जड, दिवसा बसल्याबसल्या झोप, ही लक्षणं असतील तर झोपेत श्वास अडकण्याचा आजार असू शकतो. टाळेबंदीत वजन वाढलेल्यांमध्ये तो आधी शोधावा. हे घोरणाऱ्याला कळत नाही, शेजारी झोपणाऱ्याला कळतं. तेव्हा तपासणीला जोडीनं जा. रात्री पाय वळवळत असतील तर रक्तातलं लोह तपासा. छातीत धडधड आणि वजन कमी होत असेल तर थायरॉइड. मैत्रिणींनो, रात्री अंगातून वाफा निघून जाग येत असेल तर रजोनिवृत्तीचा विचार करा, त्यावर उपचार आहेत. मेडिकल, मेयो आणि एम्समध्ये श्वसनरोग आणि मानसोपचार हे दोन्ही विभाग आहेत. मानसोपचार विभागाच्या पायऱ्या चढायला अजूनही लोकांना लाज वाटते. ‘टेलि-मानस’ ही सरकारी दूरध्वनी सेवा ऑक्टोबर २०२२ पासून सुरू आहे. क्रमांक १४४१६, पैसे लागत नाहीत, मराठीतून बोलता येतं. जगण्यात अर्थ नाही असं वाटू लागलं तर उद्यावर ढकलू नका, त्याच घटकेला घरच्यांना सांगा आणि हा नंबर लावा.

ज्यांचं माणूस गेलं

शेवटी ज्या मैत्रिणीनं ‘झोपायची भीती वाटते’ असं लिहिलं, तिच्यासाठी. तिचं नाव मी घेणार नाही. त्या एप्रिलमध्ये कितीतरी लोकांनी आपलं माणूस ॲम्ब्युलन्समध्ये चढताना पाहिलं आणि परत पाहिलंच नाही. तोंड बघणं नाही, तेराव्याला माणसं नाहीत, गळ्यात पडून रडणं नाही. दुःखाला वाट देण्याच्या ज्या रीती आपल्याकडे आहेत, त्या सगळ्या एकदम बंद झाल्या. दिवसा कामात मन गुंततं, रात्री ते तिथंच परत जातं. फोन आला ती वेळ पहाटे तीनची असेल तर तीनलाच जाग येते.

यावर अंथरुणाचे नियम पुरत नाहीत. यावर बोलावं लागतं. वारंवार तेच स्वप्न पडत असेल, आठवणीनं छाती भरून येत असेल, तर मानसोपचारात त्यासाठी खास पद्धती आहेत. पण त्याच्याही आधी आपण आहोत. आपला ग्रुप २०२१ मध्ये बेड शोधत होता, प्लाझ्मा शोधत होता, डबे पोहोचवत होता. आता तिथं सकाळी फुलांची चित्रं येतात. माझी एक सूचना आहे: ज्यांच्या घरातलं माणूस गेलं त्यांना महिन्यातून एकदा कुणीतरी फोन करावा. संदेश नको, फोन. आणि गेलेल्या माणसाचं नाव घेऊन बोलावं. ‘जाऊ दे, विसर आता’ हे वाक्य तेवढं टाळावं.

सभागृहातले प्रश्न

*मेलाटोनिनच्या गोळ्या घेतल्या तर?* मेलाटोनिन हे अंधार पडल्यावर मेंदूच घड्याळासाठी सोडत असलेलं संप्रेरक. वेळ सरकलेली असेल, म्हणजे पहाटे दोनलाच झोप येते आणि दहाला जाग येते, तेव्हा त्याचा उपयोग होतो. जुन्या निद्रानाशावर फायदा थोडा आहे. स्वतःच्या मनानं महिनोन्‌महिने घेऊ नका.

*दुपारची वामकुक्षी सोडायची का? आमच्या तीन पिढ्यांची आहे!* रात्री छान झोप लागत असेल तर खुशाल घ्या, वीस-तीस मिनिटं, तीनच्या आत. रात्रीची झोप बिघडली असेल तर दीड-दोन महिने तिला रजा द्या.

*आम्हाला सहाच तास झोप लागते. आठ हवेत ना?* प्रौढांना साधारण सात तास किंवा थोडे जास्त लागतात, पण प्रत्येकाचं माप वेगळं. दिवसा ताजंतवानं वाटत असेल, गाडी चालवताना पेंग येत नसेल, तर तासांची काळजी सोडा. काळजीनं उरलेलेही जातील.

*(हा प्रश्न बाईंचा.) माझं वय ऐंशीच्या वर आहे. चारला जाग येते. हा आजार का?* नाही बाई. वयानं घड्याळ थोडं पुढं सरकतं, झोप लवकर येते आणि लवकर संपते. संध्याकाळी थोडा वेळ उजेडात बसा, आठच्या आत आडव्या होऊ नका. आणि चारला जाग आलीच तर आमच्यापैकी कुणालाही फोन करा. तुमचा आवाज ऐकला की आम्ही अजूनही ताडकन उठून बसतो.

चहा बाहेर तयार आहे. चार वाजताहेत, तेव्हा आज रात्रीपुरतं ज्यानं त्यानं आपलं ठरवावं.